महाबळेश्वरचा बर्फ जळगावला

"संघ गाव सोडून दुसरीकडे गेला, तर त्याचा इतिहास कोणाचा? गावाचा की संघाचा?"

मरीन परेडच्या त्या घरात मी खोली बघायला गेले तेव्हा घरमालकांनी मला विचारलेला हा पहिला प्रश्न. वर्क पास कुठला, नोकरी कुठे, रात्री किती वाजता येणार, यातलं काही नाही. चार मजले जिना चढून मी धापा टाकत होते, पाठीला घामाने कुर्ता चिकटला होता, आणि समोर हा साठी उलटलेला गृहस्थ गळ्यात लोकरीचा मफलर गुंडाळून उभा. सिंगापूरमध्ये! मफलर!

"ज्याच्याकडे कागदपत्रं असतील त्याचा," मी म्हटलं. आमच्या सदाशिव पेठेत सगळे वाद असेच सुटतात.

त्यांनी मागे वळून हाक मारली, "अगं, चहा टाक. ही पोरगी राहणार."

पुढे मी तिथे तीन वर्षं राहिले. ते माझे काका झाले, त्यांची बायको काकू झाली, आणि मला बर्फावरच्या हॉकीबद्दल इतकं कळलं, की ते विसरायला अजून एक जन्म लागेल.

बर्फावरची हॉकी म्हणजे स्केट्स घालून खेळतात ती. काळ्या रबराची चकती असते, तिला पक म्हणतात, आणि ती कुठे गेली हे बघणाऱ्याला सोडून सगळ्यांना दिसतं. अमेरिका-कॅनडात संध्याकाळी सामना असला की आमच्याकडे सकाळचे सात-आठ वाजलेले असतात. त्यामुळे लोकांच्या घरी सकाळी भूपाळ्या लागतात तशा आमच्याकडे शिट्ट्या आणि भोंगे. सामना सुरू होण्याआधी अर्धा तास काका एसी अगदी खाली आणत, मफलर बांधत, स्वेटर चढवत. काकू शाल घेऊन पोहे करत. मी ऑफिसला जायला निघाले की जिन्यात माझा चष्मा धुक्याने पांढरा व्हायचा आणि मी कठडा चाचपत उतरायची.

काकांची दुसरी गंमत म्हणजे त्यांनी सगळ्या संघांना आपल्याकडची गावं वाटून दिली होती. खऱ्या नावांशी त्यांना कर्तव्य नव्हतं. एक संघ फार जुना, फार मानाचा, वर्षानुवर्षं करंडक जिंकलेला नाही, पण तोरा कायम. तो 'पुणे'. मी तोंड उघडलं तर म्हणाले, "खोटं असेल तर सांग." एक संघ दर सामन्यात हातमोजे फेकून मारामारी करायचा, तो 'कोल्हापूर'. काकू कोल्हापूरच्या. त्या एरवी मुंगीला मारायच्या नाहीत, पण कोल्हापूरचा सामना असला की झारा हातात घेऊन बाहेर यायच्या आणि म्हणायच्या, "हाण की त्याला! नुसता बघतोस काय?"

काकांचा स्वतःचा संघ 'महाबळेश्वर'. कॅनडातलं एक थंडगार गाव. आणि हाच संघ अकरा वर्षांपूर्वी मालकाने उचलून अमेरिकेच्या दक्षिणेला, भाजून निघणाऱ्या एका शहरात नेला होता. काका त्या शहराला 'जळगाव' म्हणायचे. जळगावचा सामना असेल त्या दिवशी ते टीव्हीवर पंचा टाकून ठेवायचे आणि विचारलं तर सांगायचे, "सुतक आहे."

काका रेफ्रिजरेशनचे इंजिनिअर. सगळं आयुष्य इथल्या मासळीच्या कोल्ड स्टोरेजमध्ये गेलेलं. तरुणपणी कंपनीने त्यांना कॉम्प्रेसरच्या ट्रेनिंगला तीन महिने त्या महाबळेश्वरात धाडलं होतं. ओळख ना पाळख, बाहेर उणे पंचवीस. तिथल्या स्टेडियमच्या पोटात मोठा प्लँट होता, तो बघायला म्हणून गेले आणि तिथे त्यांना एक बर्फवाला भेटला. म्हणजे मैदानावर बर्फ घालणारा आणि राखणारा माणूस. त्याने यांना कॉफी दिली, पाइपांच्या खोलीशेजारची एक खुर्ची दिली, आणि तीन महिने प्रत्येक सामना फुकट दाखवला. त्यामुळे काकांच्या लेखी स्टेडियम म्हणजे एक उत्तम बर्फाचा कारखाना, ज्याच्यावर काही माणसं अधूनमधून खेळतात.

"खेळाडू काय, आज इथे उद्या तिथे," ते मला समजवायचे. "खाली सिमेंटमध्ये पाइप असतात. त्यात मिठाचं गार पाणी फिरतं. वरून पाण्याचा फवारा मारायचा, हलका. गोठला की पुन्हा. मग पांढरा रंग, मग रेघा, मग पुन्हा फवारे. दोन-तीन दिवस लागतात आणि एवढं करून जाडी किती? बोटाच्या एका पेराएवढी. घाई केलीस की मेलीस. बर्फ पाण्याचा नसतो गं, धीराचा असतो."

हे वाक्य ते कशालाही लावायचे. माझी बढती अडली तेव्हाही मला हेच ऐकवलं होतं.

त्यांच्याकडे कागदाची एक जाडजूड गुंडाळी होती. ती डायनिंग टेबलावर उलगडली की दोन्ही टोकांना वाट्या ठेवाव्या लागत. ती सगळ्या संघांची वंशावळ. कोण कुठे जन्मला, कोणाला कोणी विकत घेतलं, कोण कुठे उठून गेला. जुन्या गावाला पुढे नवा संघ मिळाला आणि त्याने जुन्याचंच नाव लावलं, तर तिथे लाल शाईने लिहिलेलं असे, 'दत्तक'. "दत्तकाला आडनाव मिळतं," काका म्हणायचे, "आजोबांनी मारलेले गोल मिळत नाहीत." यावर ते इंटरनेटवर अनोळखी कॅनेडियन लोकांशी भांडायचे, आणि भांडण हरले की काकूंवर नाही, माझ्यावर चिडायचे.

स्टेडियमची नावं हा आणखी एक दुखरा विषय. तिकडे इमारतीचं नाव कंपन्यांना विकतात. पाच-दहा वर्षं झाली की बँकेचं नाव उतरतं, विम्याच्या कंपनीचं चढतं. "उद्या आपल्या ग्रामदैवताच्या देवळाला साबणाचं नाव द्याल?" ते टीव्हीलाच विचारायचे. त्यांच्या वंशावळीत इमारती ओळखायच्या छपराच्या आकारावरून आणि प्लँट कोणत्या बाजूला आहे त्यावरून.

पण खरा राग संघ हलवण्याचा. थोर खेळाडू निवृत्त झाला की त्याचा नंबर पुन्हा कोणाला देत नाहीत, त्याचा शर्ट छताला टांगतात. "महाबळेश्वर हललं तेव्हा ते शर्ट कुठे गेले, सांग," असं ते मला दर महिन्याला विचारत. मला काय माहीत! "पेटीत भरले," तेच उत्तर द्यायचे. "माणसाला घरातून उचलून पेटीत भरलं." पहिल्यांदा मला हसू आलं होतं. पुढे येईनासं झालं.

आता फराळ. ट्रेनिंगहून परत आल्यापासून दर दिवाळीला काका त्या बर्फवाल्याला पार्सल पाठवायचे. भाजणीच्या चकल्या, शंकरपाळी, पातळ पोह्यांचा चिवडा. पत्ता स्टेडियमचा. डिसेंबरात उत्तर यायचं, एक कार्ड, चार ओळी, त्यात चकल्यांचं कौतुक. संघ गेला, स्टेडियम बंद पडलं, नंतर तिथे कसलीशी प्रदर्शनं भरायला लागली, तरी पार्सलवरचा पत्ता बदलला नाही. आणि आश्चर्य म्हणजे कार्डंही थांबली नाहीत. त्याच गावच्या शिक्क्याची.

"बघ," काका कार्ड नाचवत म्हणायचे. "संघ पळाला. हा पठ्ठ्या जागचा हलला नाही. याला म्हणतात माणूस!"

हे सगळं मजेत चाललं असतं. पण काकूंचे गुडघे गेले.

आमची बिल्डिंग जुनी, बिनालिफ्टची. चौथा मजला म्हणजे सत्तर पायऱ्या. मी राहायला गेले तेव्हा काकू रोज दोनदा उतरायच्या, बाजारात घासाघीस करायच्या, समुद्रावर चक्कर मारायच्या. तिसऱ्या वर्षी ते बंद पडलं. आठ महिने त्या फक्त दोनदा खाली गेल्या, दोन्ही वेळा डॉक्टरांकडे, दोन माणसांनी खुर्चीत बसवून नेलं तेव्हा. दुसऱ्या वेळेनंतर म्हणाल्या, "मला नको बाई ती मिरवणूक." उरलेला वेळ त्या गॅलरीत उभ्या राहायच्या. खालून चिनी भाजीवाली हात करायची, या वरून हात करायच्या.

आणि नेमकी तेव्हाच आमच्या बिल्डिंगची एन ब्लॉकची हालचाल सुरू झाली. इथे जुनी इमारत सगळ्यांनी मिळून बिल्डरला विकायची पद्धत आहे. शंभरातल्या ऐंशी हिश्श्यांनी सही केली की विकता येते. सह्या गोळा झाल्या, झाल्या, आणि अडल्या. एक कमी पडत होती. समितीचे सेक्रेटरी म्हणजे तळमजल्यावरचे एक निवृत्त चिनी मास्तर. ते दर रविवारी चार मजले चढून यायचे, संत्र्यांची पिशवी द्यायचे आणि म्हणायचे, "सर, ओन्ली यू लेफ्ट, लाह!"

काका संत्री घ्यायचे आणि सही द्यायचे नाहीत. "ज्या माणसाने अकरा वर्षं संघ हलवणाऱ्याला शिव्या घातल्या, त्याने स्वतःचं घर हलवायचं? लोक काय म्हणतील?"

कोण लोक? त्यांच्या हॉकीबद्दल अख्ख्या सिंगापुरात फक्त मला आणि काकूंना माहीत होतं!

काकू काही बोलायच्या नाहीत. एकदाच, पोळ्या लाटता लाटता मला म्हणाल्या, "मला नवं घर नको गं. मला खालची भाजी हातात घेऊन बघायचीय." एवढंच. पण ते ऐकून माझं डोकं फिरलं. मी पोळपाटाजवळून उठले आणि तशीच हॉलमध्ये गेले.

"काका, त्या जळगावच्या मालकाला तुम्ही नावं ठेवता," मी म्हटलं. "त्याने निदान कोणाला कोंडून तरी नाही ठेवलं."

बोलून गेले. काकांनी टीव्ही बंद केला. सामना चालू असताना. पुढचे चार दिवस ते माझ्याशी बोलले नाहीत, फ्रिजवर चिठ्ठ्या लावत होते. 'भाडेकरूंनी दुधाचा डबा आत ठेवावा.' 'भाडेकरूंनी मोठ्यांशी बोलताना भान ठेवावं.' तिसऱ्या दिवशी काकूंनी पेन मागून घेतलं आणि त्याखाली लिहिलं, 'मालकांनीही.'

पाचव्या दिवशी पत्र आलं. कार्ड नाही, चांगलं दोन पानी पत्र. बर्फवाल्याचं. काकांनी पाकीट उलटंपालटं करून बघितलं आणि त्यांच्या कपाळाला आठी पडली. शिक्का जळगावचा होता.

ते मोठ्याने वाचायला लागले, इंग्रजीतून मराठी करत. त्यात असं होतं, की तो बर्फवाला संघाबरोबरच गेला होता. त्याच वर्षी. त्याला बर्फ घालण्यावाचून दुसरं काही येत नव्हतं. जुन्या इमारतीवर त्याचा एक मित्र पहारेकरी होता. दर वर्षी सिंगापूरचं पार्सल आलं की तो मित्र ते जसंच्या तसं त्याला पाठवायचा. बर्फवाला उत्तराचं कार्ड लिहून मित्राकडे पाठवायचा आणि मित्र ते जुन्या गावातून टपालात टाकायचा. आता तो पहारेकरी निवृत्त होऊन मुलीकडे चालला होता, म्हणून खरं सांगणं भाग होतं. 'तुम्ही त्या वर्षी लिहिलं होतं की जळगावला जाणाऱ्याचं तोंड बघणार नाही. मला तोंड दाखवायचं होतं, म्हणून लपवलं. रागावू नका.' खाली आणखी लिहिलं होतं, की इथे पहिला आठवडा बर्फ धरेना, नुसतं धुकं. मग धरला. आता चांगला आहे. आणि टांगलेले शर्ट त्याने स्वतः मोजून आणले, एकही हरवला नाही, छताला आहेत.

काकांनी पत्र खाली ठेवलं. चेहरा लालबुंद.

"अकरा वर्षं!" ते ओरडले. "अकरा वर्षं माझ्या घरच्या चकल्या जळगावात खाल्ल्या गेल्या!"

काकू हसायला लागल्या. इतक्या हसल्या, की त्यांना पदराने डोळे पुसावे लागले. "पोचल्या ना पण? कुरकुरीत पोचल्या का, तेवढं विचारा."

मीही हसले. काका नाही हसले. ते गॅलरीत जाऊन उभे राहिले. बऱ्याच वेळाने मी चहा घेऊन गेले, तह करायला. तेव्हा त्यांनी आपण होऊन सांगितलं. त्यांचे वडील पोस्टमास्तर. दर दीड-दोन वर्षांनी बदली. काकांनी दहावीपर्यंत सहा शाळा केल्या. "दर वेळी बैलगाडी नाहीतर टेम्पो. दर वेळी दोस्त फाटकापर्यंत यायचे, पत्र लिहू म्हणून गळ्याची शपथ घ्यायचे. आणि बाप पोस्टात, बरं का! मी रोज टपालाची थैली फुटताना उभा राहायचो. एकाचंही पत्र आलं नाही. माणूस हलला की संपला, मला तेव्हाच कळलं."

मला वाईट वाटलं. खरंच वाटलं. पण माझी जीभ गप्प बसेल तर ना!

"तुम्ही लिहिलंत का काका? त्यांना?"

पन्नास वर्षांत हा प्रश्न त्यांना कोणी विचारला नसावा. स्वतःही नाही.

"नाही," ते म्हणाले. "मी नाही लिहिलं."

रविवारी मास्तर संत्री घेऊन चढून आले. त्यांनी बसायच्या आत काकांनी कागद मागितला आणि सही केली. मास्तरांना इतका धक्का बसला, की त्यांनी पिशवीतलं एक संत्रं सोलून स्वतःच खाल्लं.

आणि मग काय व्हावं? बिल्डिंग विकलीच गेली नाही. सह्या पूर्ण, जाहिरात दिली, पण बिल्डरांचा बाजार बसलेला. कोणी फिरकलं नाही. मुदत संपली आणि सगळं जैसे थे. मला वाटलं, काका सुटकेचा श्वास सोडतील. मी काकूंकडे बघायचं टाळत होते.

काका म्हणाले, "बिल्डर नाही तर नाही. आपण आपले जाऊ."

हे घर त्यांनी एका जोडप्याला भाड्याने दिलं आणि स्वतः सेरंगूनला, मॉलच्या मागच्या गल्लीत, लिफ्टचं घर भाड्याने बघितलं. आयुष्यभराचा घरमालक भाडेकरू झाला. नवी मालकीण तमिळ. तिने मुलाखतीत विचारलं, "कुकिंग लाइट आहे ना? नो फ्राइंग?" काका गंभीरपणे म्हणाले, "व्हेरी लाइट." मी भिंतीकडे तोंड करून उभी होते.

मीही दुसरी खोली शोधली होती, तरी हलायच्या दिवशी रजा काढली. काकूंची खुर्चीतली शेवटची मिरवणूक निघाली. भाजीवालीने त्यांच्या हातात कोथिंबिरीची जुडी दिली आणि दोघी एकमेकींची भाषा न कळता दहा मिनिटं बोलल्या. काका पेट्यांवर मार्करने काय काय आहे ते लिहीत होते. टेम्पोत पुढे बसले, एकदाही मागे बघितलं नाही.

सेरंगूनला सातव्या मजल्यावर आम्ही पेट्या उघडत होतो. काकू काठी टेकत म्हणाल्या, "मी जरा खाली जाऊन येते." गेल्या. पंधरा मिनिटांनी दोन लिंबं घेऊन आल्या. थोड्या वेळाने पुन्हा गेल्या, मिरच्या घेऊन आल्या. मग पाव. मग नुसत्याच गेल्या आणि नुसत्याच आल्या. लिफ्ट घराच्या दारासमोरच. घंटा वाजायची, दार उघडायचं, काकू! आम्ही तिघांनी जेवायला बसायचं ठरवलं होतं आणि त्या पुन्हा चपला शोधत होत्या.

काका वैतागले. "अगं, सहा वेळा झालं! आता काय राहिलं खाली?"

काकूंनी लिफ्टचं बटण दाबलं. "काही नाही हो," त्या म्हणाल्या. "खाली जायचंच राहिलं होतं."

काकांनी हातातली कात्री पेटीवर ठेवली. मग माझ्याकडे वळले. त्यांचे डोळे भरून आले होते आणि ते लपवायचा त्यांनी काही प्रयत्न केला नाही. "आठ महिने गं," ते म्हणाले. "आठ महिने मी हिला वर ठेवलं, आणि ही मला रोज गरम पोहे करून घालत होती."

काकू आत गेल्या होत्या, लिफ्टचं दार मिटायला लागलं होतं. काकांनी आत हात घातला, दार पुन्हा उघडलं आणि ते अनवाणीच काकूंच्या शेजारी जाऊन उभे राहिले.